फिलाडेल्फिया पाहायला येताय? पाहुणे नेहमी विचारतात ते प्रश्न

गेली बरीच वर्षं या शहराच्या जवळ राहतो आहे. पुण्या-मुंबईहून कुणी आलं की न्यूयॉर्क आणि वॉशिंग्टनच्या मध्ये एक दिवस फिलाडेल्फियाच्या वाट्याला येतो आणि गाव दाखवायचं काम माझ्याकडे येतं. प्रश्न बहुतेक ठरलेले असतात. उत्तरं मात्र सिग्नल हिरवा झाला किंवा कुणाला तहान लागली की अर्ध्यावर सुटतात. म्हणून एकदा नीट लिहून ठेवतो. या गावात आख्यायिका भरपूर आहेत. जिथं कागद वेगळं सांगतो तिथं मी कागदाची बाजू घेतली आहे.

नावाचा अर्थ काय? शहर वसवलं कुणी?

ग्रीक भाषेत 'फिलोस' म्हणजे प्रिय आणि 'अडेल्फोस' म्हणजे भाऊ, म्हणून हे बंधुप्रेमाचं शहर. वसवणारा विल्यम पेन हा क्वेकर पंथाचा. या पंथाला पुरोहित नाही, शपथ घेणं मान्य नाही, लढाई मान्य नाही आणि मोठ्या माणसापुढं टोपी काढणंही मान्य नाही. इंग्लंडमध्ये एवढी कारणं तुरुंगात जायला पुरेशी होती आणि पेन जाऊनही आला होता.

पेनचे वडील आरमारात ॲडमिरल होते आणि राजा दुसरा चार्ल्स त्यांचं १६,००० पौंडांचं देणं लागत होता. रोख पैसे सुटेनात, म्हणून १६८१ मध्ये राजानं मुलाला अमेरिकेतली जमीन लिहून दिली आणि देणं फेडलं. 'पेनसिल्व्हेनिया' हे नाव राजानं ॲडमिरलसाठी ठेवलं. लोकांना वाटेल की मी स्वतःचंच नाव मिरवतोय, याचा पेनला संकोच वाटत होता. धर्माच्या बाबतीत त्यानं इथं जी मोकळीक दिली ती त्या काळात विरळाच. पण हाच पेन घरी गुलामही बाळगून होता. आणि ज्याच्या नावानं इथलं निम्मं गाव ओळखलं जातं तो दोन खेपा मिळून जेमतेम चार वर्षं इथं राहिला.

त्याच्या आधी इथं कोण होतं?

लेनापी लोक. डेलावेअर नदीच्या दोन्ही काठांवर त्यांची वस्ती होती, शेती होती, मासेमारी होती. १६३८ पासून स्वीडिश लोकही नदीकाठी आले. त्यांचं ग्लोरिया डेई हे विटांचं चर्च १७०० मध्ये बांधून झालं आणि आजही उभं आहे. म्हणजे पेन आला तेव्हा रान काही मोकळं पडलेलं नव्हतं.

शॅकमॅक्सन इथं एका मोठ्या एल्म वृक्षाखाली पेन आणि लेनापी प्रमुख तमनेंड यांनी मैत्रीचा करार केला, असं परंपरा सांगते. चित्रकारांनी तो प्रसंग पुन्हापुन्हा रंगवला, पण त्या भेटीचा लेखी करार हाती नाही. एल्म १८१० च्या वादळात कोसळला. आज तिथं पेन ट्रीटी पार्क आहे. नदीकाठचं हे छोटंसं शांत मैदान प्रवासी बसच्या यादीत सहसा नसतं.

पेन जमिनीचे पैसे देत असे, तेव्हा बरं चाललं होतं. त्याच्या मुलांनी मात्र चक्क 'ध' चा 'मा' केला. १६८६ चा म्हणून एक संशयास्पद कागद त्यांनी पुढं केला. त्यात म्हणे लेनापींनी 'दीड दिवसात माणूस चालेल तेवढी' जमीन देण्याचं कबूल केलं होतं. दीड दिवसाची चाल म्हणजे रमतगमत, नदीच्या कडेनं, मध्ये थांबून जेवत, अशी लेनापींची समजूत. पेनबंधूंनी १७३७ च्या सप्टेंबरमध्ये तीन तगडे चालणारे निवडले, वाट आधीच साफ करून ठेवली आणि त्यांना जवळजवळ पळवलं. दोघं वाटेत गळाले. एडवर्ड मार्शल साठ मैलांच्या पुढं गेला. त्या हिशेबानं सुमारे १२ लाख एकर जमीन गेली आणि लेनापी पुढच्या काही दशकांत पश्चिमेकडं ढकलले गेले. त्यांचे वंशज आज मुख्यतः ओक्लाहोमा, विस्कॉन्सिन आणि कॅनडात आहेत. या फसवणुकीला इतिहासात 'चालत केलेली खरेदी' म्हणतात.

रस्त्यांना झाडांची नावं का? आणि पत्ता इतका सोपा कसा?

पेनच्या तरुणपणी लंडननं १६६५ ची प्लेगची साथ आणि १६६६ ची आग, दोन्ही भोगली होती. अरुंद बोळांत घरं एकमेकांना चिकटली की काय होतं ते त्याला ठाऊक होतं. म्हणून त्यानं आणि त्याचा भूमापक थॉमस होम यानं दोन नद्यांच्या मध्ये पाटावर आखावं तसं सरळ शहर आखलं. रुंद रस्ते, पाच मोकळे चौक, प्रत्येक घराभोवती बाग. रस्त्यांना माणसांची नावं नकोत म्हणून झाडांची दिली: चेस्टनट, वॉलनट, स्प्रूस, पाइन.

उत्तर-दक्षिण रस्ते आकड्यांचे. 'पहिला रस्ता' शोधू नका, त्याचं नाव फ्रंट स्ट्रीट. चौदावाही नाही, तो ब्रॉड स्ट्रीट. १७०० वॉलनट म्हटलं की ते घर सतराव्या रस्त्यापाशी. रिक्षावाल्याला न विचारता पोहोचता येईल अशी ही सोय.

पण बागांचा बेत काही टिकला नाही. लोकांना नदीजवळच राहायचं होतं. मोठे प्लॉट चिरले गेले आणि मधून बोळ निघाले. त्यातलाच एल्फ्रेथ्स ॲली. ३२ घरांची ही गल्ली, सर्वांत जुनी घरं १७२० च्या दशकातली, आणि लोक अजून राहतात. जेरेमाया एल्फ्रेथ नावाच्या लोहाराच्या नावावरून तिला हे नाव मिळालं. १९३० च्या दशकात ती पाडायचं घाटत होतं, तेव्हा रहिवाशांनी संघटना काढून वाचवली. जाल तेव्हा खिडक्यांतून आत डोकावू नका. लोकांची स्वयंपाकघरं आहेत ती.

४ जुलै १७७६ ला नेमकं काय झालं?

सही झाली नाही, हे आधी सांगून टाकतो, कारण सगळ्यांच्या डोळ्यांपुढं तेच चित्र असतं. इंग्लंडपासून वेगळं व्हायचा ठराव झाला २ जुलैला. पुढं राष्ट्राध्यक्ष झालेल्या जॉन ॲडम्सनं बायकोला पत्रात लिहिलं की पुढच्या पिढ्या २ जुलै हाच सण म्हणून साजरा करतील. दोन दिवसांनी चुकला. ४ तारखेला स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याचा मजकूर मंजूर झाला आणि त्याच रात्री जॉन डनलॅपच्या छापखान्यात छापायला गेला. ८ जुलैला तो इंडिपेंडन्स हॉलमागच्या अंगणात लोकांना वाचून दाखवला. बहुतेकांच्या सह्या झाल्या २ ऑगस्टला.

थॉमस जेफरसननं जाहीरनाम्याचा मसुदा लिहिला तो सातव्या रस्त्याच्या कोपऱ्यावरच्या भाड्याच्या खोल्यांत. सेवेला सोबत रॉबर्ट हेमिंग्ज हा गुलाम तरुण होता. 'सर्व माणसं समान' हे वाक्य त्या खोलीत लिहिलं गेलं. ते घर १८८३ मध्ये पाडलं. आज दिसतं ते १९७५ मध्ये नव्यानं बांधलेलं.

इंडिपेंडन्स हॉल तरी खरा आहे ना?

इमारत खरी, बांधायला घेतली १७३२ मध्ये, पेनसिल्व्हेनिया प्रांताचं कचेरीघर म्हणून. जाहीरनामा इथलाच आणि १७८७ च्या उन्हाळ्यात राज्यघटनाही इथंच तयार झाली. बाहेर शब्द फुटू नये म्हणून खिडक्या बंद ठेवून, लोकरी कपड्यांत बसून. जॉर्ज वॉशिंग्टन ज्या खुर्चीवर घटनेच्या सभेचे अध्यक्ष म्हणून बसले ती मूळची आहे. तिच्या पाठीवर अर्धा सूर्य कोरला आहे. 'हा सूर्य उगवतीचा की मावळतीचा ते मला इतके दिवस कळत नव्हतं, आता कळलं, उगवतीचा आहे,' असं सभेतला बेंजामिन फ्रँकलिन शेवटच्या दिवशी म्हणाला. खोलीतल्या बाकीच्या खुर्च्या बहुतेक त्या काळातल्या, पण इकडून तिकडून जमवलेल्या.

मनोऱ्याचं शिखर मात्र १८२८ चं. जुना लाकडी शिखराचा भाग कुजला म्हणून १७८१ मध्ये उतरवला होता. आणि एक गंमत ऐका. राजधानी गेल्यावर राज्याला ही जागा नकोशी झाली, प्लॉट पाडून विकायचा विचार झाला. १८१६ मध्ये शहरानं ७०,००० डॉलरला ती घेतली म्हणून आज युनेस्कोच्या यादीत आहे (१९७९ पासून).

लिबर्टी बेल तडकली कशी? ४ जुलैला वाजवताना?

नाही. तो प्रसंग जॉर्ज लिपर्ड नावाच्या लेखकाच्या १८४७ मधल्या कथेतला. म्हातारा घंटावाला, खाली धावत येणारा नातू, 'वाजवा आजोबा!' असं सगळं. वाचकांना ती इतकी आवडली की तोच इतिहास होऊन बसला.

खरी हकिकत जास्त मजेशीर आहे. प्रांतानं १७५१ मध्ये आपल्या कचेरीघरासाठी लंडनच्या व्हाइटचॅपल ओतशाळेला घंटा सांगितली. ती १७५२ मध्ये आली आणि तपासायला म्हणून पहिलाच टोला दिला तर तडकली! इथल्या पास आणि स्टो या दोन कारागिरांनी ती वितळवली, तांबं वाढवून पुन्हा ओतली. आवाज असा आला की लोक हसले. बिचाऱ्यांनी दुसऱ्यांदा ओतली. आज आहे ती हीच, १७५३ ची, त्यांच्या नावासकट. वजन ९४० किलोंच्या आसपास. तिच्यावर पेनसिल्व्हेनियाचं स्पेलिंग एक अक्षर कमी घालून कोरलं आहे. ती चूक नव्हे, त्या काळी तसंही लिहीत.

१७७७ मध्ये इंग्रज सैन्य गावात शिरणार असं दिसलं तेव्हा तिचे तोफगोळे होऊ नयेत म्हणून घंटा गाडीत घालून ॲलनटाउनला नेली आणि चर्चच्या जमिनीखाली लपवली. नंतर ती पुन्हा आली, कचेरीची घंटा म्हणून वाजत राहिली. मधे केव्हातरी एक बारीक तडा गेला. १८४६ मध्ये वॉशिंग्टनच्या जयंतीला वाजवायची म्हणून कारागिरांनी तो तडा मुद्दाम रुंद केला, म्हणजे दोन कडा एकमेकींवर घासून खरखरणार नाहीत. आपण फोटो काढतो ती रुंद फट म्हणजे तडा नव्हे, दुरुस्ती! त्या दिवशी ती वाजली आणि वाजता वाजता वर दुसरी बारीक रेघ गेली. तेव्हापासून ती गप्प आहे.

आता तिच्या नावाविषयी, कारण मला हा भाग सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो. १७७६ मध्ये तिला कुणी 'स्वातंत्र्याची घंटा' म्हणत नव्हतं. तिच्यावर बायबलमधलं वचन कोरलं होतं: देशभर, देशातल्या सर्व रहिवाशांसाठी, स्वातंत्र्य पुकारा. १८३० च्या दशकात गुलामगिरीविरोधी कार्यकर्त्यांनी ते वचन वाचलं, 'सर्व' या शब्दावर बोट ठेवलं आणि तिला हे नाव दिलं. म्हणजे हे नाव देशाच्या अभिमानातून आलेलं नाही, देशाला विचारलेल्या जाबातून आलं आहे. यादवी युद्धानंतर ती आगगाडीतून गावोगाव फिरली, १८८५ ते १९१५ पर्यंत, दुभंगलेल्या देशाला जोडायला म्हणून, आणि तेव्हा तो जाब हळूहळू पुसला गेला.

बेट्सी रॉसनं पहिला झेंडा शिवला ना?

तिचा नातू १८७० मध्ये तसं म्हणाला, म्हणजे घटनेनंतर जवळजवळ शंभर वर्षांनी. त्याआधीचा कागद नाही. ती झेंडे शिवणारी होती आणि १७७७ मध्ये पेनसिल्व्हेनियाच्या आरमारासाठी झेंडे शिवल्याचे पैसे तिला मिळाले, एवढं नक्की. मुलं सोबत असतील तर घर पाहा. नसतील तर पुढं चला.

घंटेच्या दाराशी भिंतींचे नुसते सांगाडे का उभे आहेत?

पाहुणे इथून सरळ घंटेच्या रांगेत जातात. मी त्यांना थांबवतो.

१७९० ते १८०० फिलाडेल्फिया देशाची राजधानी होती आणि या जागी राष्ट्राध्यक्षांचं घर होतं. आधी वॉशिंग्टन राहिले, मग ॲडम्स. वॉशिंग्टन यांनी व्हर्जिनियाहून नऊ गुलाम इथं आणले. पेनसिल्व्हेनियाचा १७८० चा कायदा असा की बाहेरच्या मालकाचा गुलाम सलग सहा महिने इथं राहिला तर तो मुक्त होऊ शकतो. राष्ट्राध्यक्षांनी काय करावं? मुदत भरत आली की गुलामांना काही निमित्तानं राज्याबाहेर पाठवायचं, परत आणायचं, की मोजणी पुन्हा एकपासून. हे लोकांच्या नजरेत येऊ नये, अशी सूचना त्यांच्या पत्रात आहे.

ओना जज ही मार्था वॉशिंग्टनची खास दासी, वय साधारण बावीस-तेवीस. मार्थाच्या नातीला लग्नाची भेट म्हणून आपल्याला दिलं जाणार हे तिला कळलं. १७९६ च्या मे महिन्यात घरचे लोक जेवायला बसले असताना ती दारातून बाहेर पडली आणि गावातल्या स्वतंत्र काळ्या मित्रांच्या मदतीनं जहाजानं न्यू हॅम्पशायरला पोहोचली. मागं शोधाशोध झाली, वर्तमानपत्रात जाहिरात आली. ती सापडली, पण परतली नाही. १८४८ मध्ये वारली तोवर कायद्यानं ती पळालेली गुलामच होती. नामांकित स्वयंपाकी हर्क्युलिस यानंही पुढच्या वर्षी पोबारा केला.

घर १८३२ मध्ये पाडलं गेलं. उरल्यासुरल्या भिंती १९५० च्या दशकात, म्हणजे इथं राष्ट्रीय स्मारकाचं मैदान करताना गेल्या. २००७ च्या उत्खननात पाया सापडला, स्वयंपाकघराला जोडणारा भूमिगत रस्ता सापडला. गुलामांची झोपायची जागा घंटेच्या नव्या इमारतीच्या दारापासून काही पावलांवर निघाली. शहरातल्या लोकांनी आवाज उठवल्यावर २०१० मध्ये हे स्मारक खुलं झालं आणि त्या नऊ जणांची नावं दगडात कोरली गेली.

राजधानी इथून गेली का? पिवळ्या तापामुळं?

नाही, ते १७९० च्या कायद्यातच ठरलेलं होतं: दहा वर्षं फिलाडेल्फिया, नंतर पोटोमॅक नदीकाठ. पेनसिल्व्हेनियानं इथं मोठा वाडा बांधून राष्ट्राध्यक्षांना लालूच दाखवून पाहिली, पण वॉशिंग्टननी नको म्हटलं, ॲडम्सनीही.

ताप मात्र भयंकर होता. १७९३ च्या ऑगस्ट ते नोव्हेंबरमध्ये सुमारे ५०,००० वस्तीच्या गावात ५,००० च्या आसपास माणसं दगावली. ज्यांना शक्य होतं ते पळाले, सरकारही पळालं. डास हे कारण कुणाच्या ध्यानीमनी नव्हतं. डॉ. बेंजामिन रश रक्त काढत राहिले. काळ्या लोकांना हा ताप होत नाही, अशी रश यांची समजूत होती. त्यांनी काळ्या समाजाला मदतीची हाक दिली. रिचर्ड ॲलन आणि ॲब्सलम जोन्स यांची फ्री आफ्रिकन सोसायटी पुढं आली. त्यांच्या माणसांनी रुग्ण सांभाळले, प्रेतं उचलली, आणि तीही शेकड्यांनी मेली, कारण समजूत खोटी होती. साथ ओसरल्यावर मॅथ्यू कॅरी या प्रकाशकानं लिहिलं की काळ्या परिचारकांनी लोकांना लुटलं. ॲलन आणि जोन्स यांनी १७९४ मध्ये जमाखर्चासकट छापील उत्तर दिलं.

त्याच वर्षी ॲलननं सहाव्या रस्त्यावर मदर बेथेल चर्च सुरू केलं. इमारत आताची चौथी. पण जमीन तेव्हापासून सलग काळ्या लोकांच्याच मालकीची आहे. तळघरात ॲलनची समाधी आहे. वेळ काढून जा.

आनंदीबाई जोशी इथंच शिकल्या ना? काही पाहायला मिळेल?

मराठी पाहुणा हे विचारणार हे गृहीत धरून मी आधीच सांगायला लागतो.

होय, इथंच. वुमन्स मेडिकल कॉलेज ऑफ पेनसिल्व्हेनिया १८५० मध्ये स्थापन झालं. त्याच्यामागंही मुख्यतः क्वेकर मंडळी. स्त्रियांना डॉक्टर करणं तेव्हा इथंही सोपं नव्हतं. १८६९ मध्ये या कॉलेजच्या विद्यार्थिनी पेनसिल्व्हेनिया हॉस्पिटलमध्ये व्याख्यानाला गेल्या तेव्हा पुरुष विद्यार्थ्यांनी त्यांची हुर्यो उडवली. म्हणजे आनंदीबाई आल्या त्याच्या जेमतेम १४ वर्षं आधी.

कल्याणला जन्मलेल्या, गोपाळरावांच्या हट्टापायी आणि पुढं स्वतःच्या निश्चयानं शिकलेल्या आनंदीबाई १८८३ च्या एप्रिलमध्ये कलकत्त्याहून निघाल्या. जूनमध्ये न्यूयॉर्कला उतरल्या, तेव्हा अठरा वर्षांच्या होत्या आणि नवरा सोबत नव्हता. न्यू जर्सीतल्या रोझेलला थिओडिशिया कार्पेंटर यांनी त्यांना लेकीसारखं ठेवलं. कॉलेजच्या अधिष्ठाता रेचेल बॉडली यांनी प्रवेश दिला. इथला हिवाळा, खोलीतली धूर ओकणारी शेगडी, शाकाहार, नऊवारी साडी. तब्येत खचली ती इथंच. ११ मार्च १८८६ ला पदवी मिळाली. प्रबंधाचा विषय हिंदूंमधलं प्रसूतिशास्त्र. समारंभाला पंडिता रमाबाई इंग्लंडहून आल्या होत्या. वर्षही उलटलं नाही तोच, २६ फेब्रुवारी १८८७ ला, पुण्यात आनंदीबाई क्षयानं गेल्या. कोल्हापूरच्या रुग्णालयात त्यांची नेमणूक झालेली होती.

१८८५ चा एक फोटो तुम्ही पाहिला असेल: आनंदीबाई, जपानच्या केई ओकामी, सीरियाच्या सबात इस्लामबूली, तिघी आपापल्या देशाच्या पोशाखात. तो याच कॉलेजचा. आपण आनंदीबाईंची गोष्ट एकटीची म्हणून सांगतो, पण त्या बाकांवर आणखी कोण बसलं ते पाहा. १८६७ मध्ये रिबेका कोल या कृष्णवर्णीय डॉक्टर झाल्या. १८८९ मध्ये ओमाहा जमातीच्या सुझन ला फ्लेश, पहिल्या मूलनिवासी स्त्री डॉक्टर. आणि १८९२ मध्ये आपल्याच गुरुबाई करमरकर. त्यांनी परत येऊन मुंबईत अमेरिकन मराठी मिशनमध्ये वर्षानुवर्षं काम केलं आणि तरी त्यांचं नाव मराठी माणसाला आठवत नाही. अल्पायुषी नायिका लक्षात राहते, रोज दवाखाना उघडणारी राहत नाही.

पाहायला काय मिळेल? इमारतीच्या आशेनं येऊ नका. आनंदीबाईंच्या काळचं कॉलेज नॉर्थ कॉलेज ॲव्हेन्यूवर होतं, १९३० मध्ये ते ईस्ट फॉल्स भागात हललं. पुढं पुरुषांनाही प्रवेश मिळाला, विलीनीकरणं झाली आणि आता त्याचा वारसा ड्रेक्सेल विद्यापीठाच्या वैद्यकीय महाविद्यालयाकडं आहे. जुनी कागदपत्रं आणि फोटो त्यांच्या अभिलेखागारात जपले आहेत, बरेचसे ऑनलाइनही पाहता येतात. आनंदीबाईंच्या अस्थी मात्र या गावात नाहीत. गोपाळरावांनी त्या कार्पेंटरबाईंकडं पाठवल्या आणि न्यूयॉर्क राज्यात पोकीप्सी इथं कार्पेंटर कुटुंबाच्या जागेत त्या ठेवल्या आहेत. गाडीनं तीन तासांहून जास्त. मी एकदा गेलो होतो. दगडापाशी कुणीतरी हळदीकुंकू वाहून गेलं होतं.

सिटी हॉलवरच्या पेनच्या टोपीचा शाप म्हणजे काय?

सिटी हॉल बांधायला १८७१ पासून १९०१ पर्यंत तीस वर्षं लागली. उंची ५४८ फूट, सगळा भार दगड-विटांवर. माथ्यावर अलेक्झांडर मिल्न काल्डरनं केलेला ३७ फुटी पेन. त्याच्या टोपीपेक्षा उंच बांधायचं नाही, असा एक अलिखित शिरस्ता गावात होता. १९८७ मध्ये वन लिबर्टी प्लेस ही इमारत वर गेली आणि त्यानंतर गावचा एकही मोठा संघ अजिंक्यपद जिंकेना. २००७ मध्ये त्याहूनही उंच कॉमकास्ट सेंटर बांधताना कामगारांनी सर्वांत वरच्या तुळईवर पेनची चिमुकली मूर्ती बसवली. २००८ मध्ये गावचा फिलीज संघ बेसबॉलमध्ये अजिंक्य ठरला! नारळ फोडण्यातलाच प्रकार, आपल्याला वेगळा समजावून सांगावा लागत नाही.

कलेच्या म्युझियमच्या त्या पायऱ्या चढायच्याच का?

'रॉकी' सिनेमातला बॉक्सर पळाला त्या ७२ पायऱ्या. चढा, हात वर करून फोटो काढा, पण मग आत जा, कारण बहुतेक जण तिथूनच मागं फिरतात. आत मदुराईच्या मदनगोपालस्वामी मंदिरातल्या दगडी खांबांचा अख्खा मंडप उभा आहे. ॲडेलिन पेपर गिब्सन या बाई १९१२ मध्ये मदुराईला गेल्या असताना त्यांनी तो विकत घेतला. भारतीय शिल्पाच्या थोर अभ्यासक स्टेला क्रामरिश १९५४ पासून याच म्युझियममध्ये होत्या. त्या खांबांपुढं उभं राहून छान वाटतं आणि थोडं चुकचुकतंही.

हे सगळं इतकं स्वच्छ, मोकळं आणि जुनं कसं राहिलं?

राहिलं नाही, तसं केलं. इंडिपेंडन्स हॉलसमोरची हिरवळ अठराव्या शतकातली नाही. १९५० च्या दशकात तिथले तीन ब्लॉक पाडून ती तयार केली. तिथल्या आणि आसपासच्या एकोणिसाव्या शतकातल्या इमारती 'पुरेशा जुन्या' नव्हत्या म्हणून गेल्या. त्यात फ्रँक फर्नेससारख्या वास्तुविशारदाचं कामही होतं, ज्यासाठी आज लोक हळहळतात. शेजारचं सोसायटी हिल याच सुमारास दुरुस्त झालं. घरं सुंदर झाली, भाव चढले आणि तिथली अनेक काळी, गरीब कुटुंबं बाहेर पडली. विटांची फरसबंदी आणि दाराबाहेरचे कंदील बघताना हे कुणी सांगत नाही.

गावाच्या अलीकडच्या इतिहासातलं काय माहीत असावं?

१३ मे १९८५. पश्चिम फिलाडेल्फियातल्या ओसेज ॲव्हेन्यूवर 'मूव्ह' नावाच्या कृष्णवर्णीय गटाचं घर होतं. शेजाऱ्यांच्या तक्रारी होत्या, वॉरंट होती, गोळीबार झाला. शेवटी पोलिसांनी हेलिकॉप्टरमधून त्या घरावर बॉम्ब टाकला आणि लागलेली आग जळू दिली. ११ माणसं मेली, त्यात ५ मुलं. ६१ घरं जळाली. नगर परिषदेनं औपचारिक माफी मागितली २०२० मध्ये. प्रवासी नकाशावर ही जागा नसते. मीही पाहुण्यांना तिथं नेत नाही, लोक राहतात तिथं. पण विचारलं तर सांगतो.

एका दिवसात काय जमेल? आणि शाकाहारी माणसानं खायचं काय?

इंडिपेंडन्स हॉलला प्रवेशशुल्क नाही, पण वर्षातले बहुतेक दिवस वेळेचं तिकीट लागतं, आरक्षण आधी करा. घंटेला तिकीट नाही, रांग आहे, म्हणून सकाळी. मग राष्ट्राध्यक्षांचं घर, तिथून पायी एल्फ्रेथ्स ॲली. दुपारी रीडिंग टर्मिनल मार्केट. १८९३ मध्ये रेल्वेच्या फलाटाखाली भरलेली ही मंडई अजून तिथंच आहे, रेल्वे गेली. तिथले 'पेनसिल्व्हेनिया डच' दुकानदार डच नव्हेत, जर्मन मुळाचे. 'डॉइच'चं डच झालं. रविवारी ते नसतात. चीजस्टेक हा मांसाचाच पदार्थ, १९३० मध्ये पॅट ऑलिव्हिएरी या हॉटडॉग विक्रेत्यानं काढलेला. शाकाहाऱ्यांनी मऊ, खारा प्रेट्झेल घ्यावा, मोहरीच्या सॉसबरोबर.

वेळ उरला तर ईस्टर्न स्टेट पेनिटेन्शरी. १८२९ चा हा तुरुंग. कैद्याला एकट्याला ठेवलं, छतातल्या झरोक्यातून फक्त आकाश दिसलं, की तो पश्चात्ताप करून सुधारेल, ही क्वेकरांची भाबडी कल्पना. माणसं सुधारण्याऐवजी वेडी होऊ लागली. १८४२ मध्ये इंग्रज कादंबरीकार चार्ल्स डिकन्स येऊन पाहून गेला आणि हादरला. आता भिंतींतून झाडं आली आहेत.

फ्रँकलिनच्या थडग्यावर नाणी टाकायची असतात का?

बेंजामिन फ्रँकलिन बॉस्टनचा, १७२३ मध्ये सतराव्या वर्षी पळून इथं आला. वर्गणीचं वाचनालय (१७३१), आगीचा बंब चालवणारी मंडळी (१७३६), डॉ. थॉमस बॉंडबरोबर रुग्णालय (१७५१), आग विमा (१७५२). गावात जे सार्वजनिक म्हणून जुनं आहे त्यात बहुधा याचा हात असतो. त्याचं घर १८१२ मध्ये पाडलं गेलं. ते कसं दिसायचं याचा भरवशाचा पुरावा नव्हता म्हणून रॉबर्ट व्हेंचुरी आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १९७६ मध्ये खोटं घर बांधण्याऐवजी त्या जागी नुसती पोलादी चौकट उभी केली. मला या गावातलं सर्वांत प्रामाणिक स्मारक तेच वाटतं.

थडगं पाचव्या आणि आर्च रस्त्याच्या कोपऱ्यावर आहे, कुंपणातून दिसतं. काटकसरीची शिकवण देणाऱ्या माणसाच्या छातीवर लोक एक सेंटचं नाणं फेकतात. फेकून फेकून दगडाला टवके गेले आणि तो दुरुस्त करावा लागला. ती नाणी जिथं पडतात तिथून दोन-तीन मिनिटांवर टांकसाळ आहे. फिलाडेल्फियाच्या टांकसाळीत १७९३ पासून सेंट पडत आले, आणि चलनासाठीचा शेवटचा सेंट १२ नोव्हेंबर २०२५ ला तिथंच पडला. त्यामुळं खिशात असेल तर जपून ठेवा. आता ते नवं निघत नाही.